क्षमा कोणी कोणाची मागायची?

॥ श्री सद्गुरवे नमः ॥



गेल्या गुरुवारी आरती झाल्यावर डिचोलीच्या ग्रुपवर कोणीतरी एक बातमी टाकली. सोळा वर्षं तुरुंगात काढून निर्दोष सुटलेल्या माणसांची. बातमी जुनीच, फिरत फिरत पुन्हा आपल्याकडे आलेली. तिच्याखाली आपल्या एका ज्येष्ठ काकींनी लिहिलं, "देवाच्या दरबारी अन्याय नसतो, मागच्या जन्मीचं काहीतरी देणं असणार." भराभर नमस्काराचे हात उमटले. मग पेडण्याच्या एका मुलीनं, कॉलेजात शिकते ती, एवढंच विचारलं, "काकी, मग ज्यांनी त्यांना आत टाकलं त्यांच्याकडे काहीच देणं नाही का?" रात्रभर कोणी काही लिहिलं नाही. सकाळी नेहमीप्रमाणे सुप्रभातचे फोटो आले आणि प्रश्न वर सरकून गेला.

आज आम्ही तो पुन्हा खाली आणतोय. काकींचा मान राखूनच.

आधी ती बातमी नीट समजून घेऊ, कारण ग्रुपवर आली ती अर्धीच होती. जून २००३ मध्ये महाराष्ट्रात शेतातल्या एका झोपडीवर रात्री दरोडा पडला. पाच माणसं मारली गेली, बायकांवर अत्याचार झाले. वाचलेल्यांत त्या घरची आई होती. ऐकूनच जीव कासावीस होईल असा गुन्हा. पुढे भटक्या जमातीतले सहा गरीब मजूर पकडले गेले. २००६ मध्ये खालच्या कोर्टानं सहाही जणांना फाशी सुनावली. २००७ मध्ये मुंबई उच्च न्यायालयानं तिघांची फाशी कायम ठेवली आणि तिघांना जन्मठेप दिली. ३० एप्रिल २००९ ला सर्वोच्च न्यायालयानं त्या तिघांचीही जन्मठेप काढून सगळ्यांनाच फाशी ठोठावली. म्हणजे शेवटच्या पायरीवर खात्री सगळ्यात जास्त होती!

मग २०१८ मध्ये त्याच सर्वोच्च न्यायालयानं आपलाच निकाल पुन्हा उघडला. ५ मार्च २०१९ ला न्या. सीकरी, न्या. अब्दुल नझीर आणि न्या. शहा यांनी सहाही जणांना निर्दोष सोडलं. कागदपत्रांत काय निघालं? घटनेनंतर लगेचच त्या आईनं पोलिसांकडच्या फोटोंमधून चार वेगळ्याच माणसांना ओळखलं होतं. त्या चौघांचा तपास कोणी पुढे नेलाच नाही. हा कागद तेव्हापासूनचाच होता. कोर्टानं असंही म्हटलं की गरीब, भटक्या लोकांना अशा मोठ्या गुन्ह्यात गोवलं जाणं नवीन नाही. सरकारनं प्रत्येकाला ५ लाख रुपये द्यावेत असा आदेश झाला. त्यातला एक जण गुन्ह्याच्या वेळी वयानं सज्ञानही नव्हता, हे २०१२ मध्येच सिद्ध झालं होतं.

आणि त्या आईचं काय? तिच्या घरची माणसं ज्यांनी मारली ते मोकळेच राहिले. निरपराधाला शिक्षा झाली की पीडितालाही न्याय मिळत नाही, हे आपल्या लक्षात येत नाही. "फाशी द्या, फाशी द्या" म्हणून मेसेज पुढे ढकलताना तर मुळीच येत नाही. आपणही ढकललेत. खोटं कशाला बोला?

आता काकींचा मुद्दा. मागच्या जन्मीचं देणं.

महाभारतातली मांडव्य ऋषींची गोष्ट आपण सगळ्यांनीच कीर्तनात ऐकलीय. ऋषी मौन धरून तपाला बसलेले. चोर आले, चोरीचा माल आश्रमात लपवला आणि स्वतःही तिथंच दडले. मागोमाग राजाचे शिपाई आले, त्यांनी विचारलं, ऋषी बोलले नाहीत. माल सापडला. झालं! चोरांबरोबर ऋषींनाही सुळावर चढवलं. तपाच्या बळावर ते जिवंत राहिले. राजाला कळलं तेव्हा तो धावत आला, पाया पडला, क्षमा मागितली. ऋषींनी त्याला क्षमा केलीसुद्धा. पण सूळ काही अंगातून निघेना. शेवटी तो तोडला आणि टोक आतच राहिलं. ते टोक, ती अणी अंगात घेऊनच ते पुढे जगभर फिरले. म्हणून नाव पडलं अणीमांडव्य.

कीर्तनात गोष्ट बहुतेक इथं थांबते. पुढचा भाग आपल्या प्रश्नाचा आहे. ऋषी यमधर्माकडे गेले आणि विचारलं, माझ्या कुठल्या कर्माचं हे फळ? यमधर्म म्हणाला, लहानपणी तू किड्यांना गवताची काडी टोचली होतीस. हे काकींचंच उत्तर झालं की! हिशेब बरोबर, खातं चोख. आणि ऋषींनी हे उत्तर मान्य केलं नाही. एवढ्याशा अपराधाला एवढी शिक्षा? त्यांनी साक्षात धर्माला शाप दिला, तोच विदुर होऊन जन्माला आला. वर मर्यादाही घातली, की चौदा वर्षांपर्यंतच्या मुलाच्या हातून झालेलं पाप धरायचं नाही.

तेव्हा प्रारब्ध हा शब्द आम्ही नाकारत नाही. आपल्या स्वतःच्या वाट्याला दुःख आलं तर तो शब्द आपल्याला उभं करतो, हे आपल्यातल्या कितीतरी जणांनी अनुभवलंय. पण दुसऱ्याच्या दुःखावर, आणि तेही माणसांनी घाईनं केलेल्या दुःखावर तो शब्द ठेवला की शिपाई सुटतो, राजा सुटतो, आपणही सुटतो. फक्त सुळावरचा तेवढा अडकून राहतो.

दुसरी अडचण 'माफी' या शब्दाची. आपल्या राज्यघटनेत कलम ७२ प्रमाणे राष्ट्रपती आणि कलम १६१ प्रमाणे राज्यपाल शिक्षा माफ करू शकतात, कमी करू शकतात. ही सोय चांगलीच आहे, कोर्टही माणसांचंच असतं. २०१२ मध्ये १४ निवृत्त न्यायाधीशांनी राष्ट्रपतींना पत्रं लिहिली, की तेरा जणांना चुकीच्या आधारावर फाशी सुनावली गेली आहे, ती कमी करा. आपल्या गोष्टीतले हे सहा जण त्या तेरांत होते. राजस्थानातल्या दोघांना तर तशाच आधारावर १९९६ आणि १९९७ मध्ये फाशी होऊनही गेली होती. चूक कळली तरी उलटवायची कशी?

समजा, त्या वेळी या सहांना दया मिळाली असती. जीव वाचला असता, फार मोठी गोष्ट. पण कपाळावर खुनी हा शिक्का तसाच राहिला असता. दया गुन्हेगारावर करतात. ज्यानं काही केलंच नाही त्याला 'जा, तुला माफ केलं' म्हणणं हा त्याचा दुसऱ्यांदा अपमान. तिथं क्षमा मागायची पाळी आपली असते. बिहारमधला एक माणूस १९६८ मध्ये निर्दोष ठरला आणि तरी १९८२ पर्यंत तुरुंगातच होता. १९८३ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं त्याला एकूण ३५ हजार रुपये द्यायला लावले. विधी आयोगानंही २०१८ च्या आपल्या २७७ व्या अहवालात अशांच्या भरपाईसाठी कायदा हवा असं सांगितलंय. पैसे द्यायलाच हवेत. पण तो राजा पैशांची थैली पाठवून मोकळा झाला नव्हता, स्वतः सुळापाशी गेला होता.

हे सगळं दूरचं वाटेल. आता घरचं सांगतो, आणि सांगताना आम्हाला लाज वाटते.

काही वर्षांपूर्वी श्री दामोदर सप्ताहाच्या दिवसांत आपल्या केंद्राचं अन्नदान होतं. मांगोर हिलवरचा एक मुलगा पावतीपुस्तक सांभाळायचा. त्याआधी पाच वर्षं त्यानं आपल्याकडे भांडी घासलेली, सतरंज्या उचललेल्या. हिशेबात साडेअठरा हजार कमी आले. त्याला कोणी चोर म्हटलं नाही. फक्त कपाटाची चावी काढून घेतली आणि ग्रुपवर एक सूचना टाकली: "यापुढे देणगी समितीकडेच द्यावी, इतर कोणाकडे देऊ नये." सगळ्यांना कळायचं ते कळलं. तो यायचा बंद झाला. पुढे त्याच्या बहिणीच्या सोयरिकीच्या वेळी पाहुण्यांनी आमच्यातल्या एकाला फोन करून घराची चौकशी केली. आमचा माणूस म्हणाला, "आता काय सांगायचं, तुमचं तुम्ही बघा." ती सोयरीक मोडली.

वर्षभरानं ऑडिटसाठी जुने कागद काढले तेव्हा मंडपवाल्याच्या आगाऊ रकमेची पावती सापडली. समितीतल्याच एका वडीलधाऱ्यांनी ती रक्कम दिली होती. पावती त्यांच्या पिशवीत राहिली, मधे ते आजारी पडले, विसरून गेले. आम्ही त्या मुलाला मेसेज केला, "झालं गेलं विसरून जा. कोणाच्या मनात काही नाही. पुन्हा सेवेला ये." त्याचं उत्तर आलं, "माझ्या मनात आहे."

तेव्हा आम्हाला तो उद्धटपणा वाटला होता! इतकं चांगलं लिहिलं आणि हा असं बोलतो. आज वाटतं, आम्ही त्याला माफ करत होतो. कशाबद्दल, ते मात्र आमच्यातल्या कोणालाही सांगता आलं नसतं.

समितीत यावर बोलणं झालं. काहींचं म्हणणं, जुनं उकरू नये, वडीलधाऱ्यांचं नाव निघेल. त्या वडीलधाऱ्यांनी स्वतःच सांगितलं, "माझं नाव घाला." तरी आम्ही घातलेलं नाही, कारण चूक त्यांच्या विसरण्याएवढीच नव्हती. पावती न शोधता चावी काढून घेणारे आम्ही सगळे होतो. आणि ती सूचना वाचून गप्प राहिलेले तुम्हीही होता, रागावू नका.

म्हणून आज, ज्या ग्रुपवर ती सूचना टाकली होती त्याच ग्रुपवर लिहितो: त्या वर्षीच्या अन्नदानाच्या हिशेबात एक पैसाही कमी नव्हता. त्या सेवेकऱ्यावर आम्ही घेतलेला संशय खोटा होता. ज्यांनी ज्यांनी तो पुढे सांगितला त्यांनी हेही तितक्याच घरी सांगावं. डिचोली-पेडण्याच्या मंडळींनीसुद्धा, कारण ते पाहुणे त्याच बाजूचे होते.

रविवारी सकाळी समितीतले आम्ही पाच जण मांगोर हिलला जाणार आहोत. प्रसाद, शाल, फोटो काही नाही. काल त्याच्या आईला फोन केला होता. त्या थोडा वेळ बोलल्याच नाहीत. मग म्हणाल्या, "या. चहा घेऊन जा. तो घरी थांबेल का, ते मी सांगत नाही."