बाईमाणसास हिशेब कळत नाहीं काय?

मंडळीच्या खजिनदारीकरितां एखाद्या बहिणीचें नांव निघालें कीं, कोणी वडील बंधु लागलींच म्हणतात, "बाईमाणसास हिशेब काय कळणार?" हें बोलणें द्वेषाचें नसतें, बहुधा तें हंसत हंसतच होतें. परंतु त्याच बंधूंच्या घरीं सुगीपर्यंत ज्वारी किती पुरेल, बियाण्यास किती राखावी, वाण्याचें देणें किती राहिलें, हें तोंडपाठ कोणास असतें? तिच्या हिशेबास आपण हिशेब म्हणत नाहीं, इतकेंच.

अशी समजूत आपला पुरावा आपणच निर्माण करिते. जिच्या हातीं वही दिलीच नाहीं ती वही लिहावयास शिकणार कशी? आणि शिकली नाहीं म्हणजे आपण म्हणतों, पाहा, आम्हीं सांगितलें नव्हतें! याहून वाईट हें कीं, मुलगीहि तें खरें मानूं लागते. 2017 सालीं प्रसिद्ध झालेल्या एका शोधांत अमेरिकेंतील लहान मुलांस विचारण्यांत आलें कीं, "फार फार हुशार" माणूस यांपैकीं कोण, पुरुष कीं स्त्री? पांच वर्षांचे मुलगे व मुली सारख्याच भरंवशानें आपापल्या बाजूस बोट दाखवीत. सहा-सात वर्षांच्या मुलींत तो भरंवसा कमी आढळला. चमत्कार असा कीं, शाळेंत चांगले गुण कोण मिळवितें, असें पुसतां त्या मुलींचेंच नांव घेत! सहाव्या वर्षीं आमच्या मुली नुकत्या पहिलींत बसलेल्या असतात.

अनंतशास्त्री डोंगरे यांनीं आपल्या पत्नीस संस्कृत शिकविलें, म्हणून त्यांस लोकांचा विरोध सोसावा लागला. त्याच मातेनें आपल्या कन्येस शिकविलें, आणि 1878 सालीं कलकत्त्याच्या विद्वानांनीं त्या कन्येस 'पंडिता' म्हटलें. पुढें पंडिता रमाबाईंनीं इब्री व ग्रीक शिकून पवित्र शास्त्राचें मराठी भाषांतर केलें. 1922 सालीं त्यांचा अंत झाला, त्यापूर्वीं तें काम संपलें होतें. कोणी म्हणेल, रमाबाई लाखांत एक. असोत. परंतु केडगांवच्या छापखान्यांत खिळे जुळविणाऱ्या बाया लाखांत एक नव्हत्या. मुक्तिसदनांत दुष्काळांतून वांचवून आणिलेल्या कित्येक मुली होत्या. हातीं काम आलें, त्या शिकल्या.

तेव्हां वाद कशाला? येत्या वार्षिक सभेपूर्वीं मंडळीची वही तीन महिने एखाद्या बहिणीकडे द्यावी व बेरीज जुळते कीं नाहीं तें पाहावें. मागील तीन महिन्यांचीं पानेंहि शेजारीं उघडून ठेवावीं.