पाचवा 'का?'

आमच्याकडे माल रिजेक्ट झाला की 'व्हाय-व्हाय' भरायचं असतं. टोयोटाची रीत. 'का?' असं पाच वेळा विचारायचं, की मूळ कारण हाती लागतं. मी चाकणला क्वालिटीत, बावीस वर्षं कायम. अशा शेकडो शीटा भरल्या, एक खोटी भरली.

भोकं तिरकी येत होती. फिक्स्चरची पिन झिजलीय हे मला आठवडाभर ठाऊक होतं. पण लाईन थांबवली असती तर बोलणी मीच खाल्ली असती. पाचव्या रकान्यात लिहिलं, 'ऑपरेटरचा निष्काळजीपणा'. ऑपरेटर म्हणजे ठेकेदाराकडचा, परभणीकडचा पोरगा. दुसऱ्या दिवशी त्याचं गेट बंद. युनियनमध्ये कुणी विषय काढला नाही. ठेक्याची पोरं आमची सभासदच नाहीत.

रविवारी भामचंद्र डोंगर चढलो. तुकोबा इथे चिंतनाला बसत. आता वरून एमआयडीसीचे पत्रे दिसतात. तिथे डोळे भरून आले आणि हलकं वाटलं. ते हलकं वाटणंच मला खटकलं.

1630 च्या दुष्काळात तुकोबांची बायको रखमाबाई गेली, मुलगा संतू गेला. घरची सावकारी होती. परंपरा सांगते, त्यांनी कर्जखतं धाकट्या भावाशी, कान्होबाशी, निम्मी वाटून घेतली आणि आपली निम्मी इंद्रायणीत सोडली. कीर्तनकार यात वैराग्य बघतात. मी मापं घेणारा माणूस. मला ते 'निम्मी' दिसतं. भावाच्या वाट्याला हात नाही, म्हणजे दुसऱ्याच्या खिशातून पुण्य नाही. आणि खत बुडाल्यावर मोकळा कोण झाला? ज्याच्यावर कर्ज होतं तो. तुकोबा नुसते काठावर बसून रडले असते, तर लोकांचं देणं तसंच राहिलं असतं.

माझं खत म्हणजे ती शीट. सोमवारी साहेब म्हणाले, "अहो, फाईल क्लोज झालीय." तरी मागून घेतली, खाली सहीनिशी लिहिलं: पिन झिजली होती, मला माहीत होतं. मेमो मिळाला. मिळायलाच हवा होता.

मग त्या पोराला फोन केला. तो रांजणगावला लागला होता. सगळं ऐकून घेतलं, जरा वेळ गप्प राहिला.

"काका, माझ्या जागेवर आता जो आहे, त्याला पिन बदलून दिली का?"

दिली नव्हती.