अरेंजमेंटच्या कागदातली शीळ

चि. बाळ्यास,

काल फोनवर तू म्हणालास, "मामा, आठ महिने दुसऱ्यांच्या चालींची अरेंजमेंट करतोय, आता सोडतो." तुझा आवाज उतरला होता. मला बोलताना काही सुचलं नाही, म्हणून लिहितो.

एन्निओ मोरिकोनेचं सिनेमातलं संगीत तुला तोंडपाठ आहे. त्याच्या उमेदवारीकडे मात्र तू पाहिलेलं नाहीस. रोममधल्या ट्रम्पेटवादकाचा हा मुलगा, जन्म १९२८ चा. सांता चेचिलिया संगीत विद्यालयात गोफ्रेदो पेत्रासींसारख्या गुरूंकडे रचनेचं कसून शिक्षण घेतलं, आणि मग पोटासाठी करत काय होता? आरसीए या रेकॉर्ड कंपनीत लोकप्रिय गाण्यांची अरेंजमेंट! १९६० साली जान्नी मेच्चा या गायकाच्या एका गाण्यात रिकाम्या डब्याचा विषय होता. मोरिकोनेने वाद्यवृंदात डब्याचा खडखडाटच आणून बसवला. साध्या करमणुकीच्या गाण्यासाठी कोण एवढा जीव लावतो, सांग.

१९६२ मध्ये पीटर टेव्हिस या अमेरिकन गायकासाठी त्याने वुडी गथ्रीच्या एका गाण्याची अरेंजमेंट केली. चाल दुसऱ्याची, गळा दुसऱ्याचा. याच्या वाट्याला आली फक्त मागची बाजू, तर तिथे त्याने चाबकाचे फटकारे घातले, घंटा घातली. दोन वर्षांनी दिग्दर्शक सर्जिओ लिओनी 'अ फिस्टफुल ऑफ डॉलर्स' हा सिनेमा करत होता. लिओनी हा मोरिकोनेचा प्राथमिक शाळेतला वर्गबंधू. लिओनीला तीच मागची बाजू हवी झाली. गायकाचा आवाज काढला, त्या जागी अलेस्सांद्रो अलेस्सांद्रोनीची शीळ आली. जग जिला मोरिकोनेची सुरुवात मानतं, तिचा पाया अशा भाड्याच्या कामात घातलेला होता. श्रेयनामावलीत तर त्याचं खरं नावही नव्हतं, 'डॅन सॅव्हिओ' असं टोपणनाव होतं.

माझं स्वतःचं संगीत कधी होणार, असं तू विचारलंस. अरे, ते होतंच आहे. मी सेशनला मागच्या रांगेत व्हायोलिन वाजवायचो तेव्हा एखाद्या नोटेशनच्या कागदावर वेगळी ओळ दिसली की आम्ही सगळे सावरून बसायचो. ती कुणी लिहिली, हे आम्हाला न सांगता कळायचं.

तू करतोस ते टीव्ही मालिकेचं काम हलकं, हेही मनातून काढ. १९८६ साली मोरिकोनेचं संगीत असलेला 'द मिशन' हा सिनेमा आला, आणि त्याच वर्षी तो 'ला पिओव्रा' या माफियावरच्या टीव्ही मालिकेलाही संगीत देत होता. तोवर त्याचं नाव जगभर झालेलं होतं. वाद्यमेळ तो आयुष्यभर स्वतः लिहीत राहिला, पियानोला हात न लावता, टेबलाशी बसून.

मात्र सगळं निमूट सोस असं मी म्हणत नाही. १९५८ मध्ये त्याला राई या सरकारी प्रसारण संस्थेत नोकरी लागली होती. संस्थेतल्या कर्मचाऱ्यांच्या रचना प्रसारित होत नाहीत हा नियम कळला, तेव्हा पहिल्याच दिवशी तो ती सोडून आला. तुझं नाव पडद्यावर येणार की नाही, हे काम घेतानाच विचार, आणि पैसे लिहून घे. तिथे भीड नको.

आणि जुन्या फाइली उडवू नकोस. गेल्या महिन्यात तू संबळ आणि चेलोचं काहीतरी ऐकवलं होतंस, जे निर्मात्याने नाकारलं, ते मला पाठव. पुन्हा ऐकायचंय.

तुझा,
मामा