बुडालेल्या नगराची साक्ष

इजिप्तच्या अबू कीर उपसागरात, किनाऱ्यापासून सुमारे साडेसहा किलोमीटरवर, एक नगर समुद्रतळाशी विसावले आहे. इजिप्तचे लोक त्याला थोनिस म्हणत, ग्रीक लोक हेराक्लियॉन. अलेक्झांड्रिया वसण्यापूर्वी ग्रीकांचा समुद्रमार्गे येणारा व्यापार याच बंदरातून देशात शिरत असे. २००० सालापासून फ्रँक गोडियो यांच्या पथकाला येथे ५.४ मीटर उंचीचा ग्रॅनाइटचा पुतळा, साठांहून अधिक जहाजे आणि शेकडो नांगर सापडले. नाईलच्या मुखाशी असलेल्या मऊ मातीवर अवजड इमारती उभ्या होत्या. भूकंपांनी ती माती खचली आणि आठव्या शतकाअखेर नगर पूर्णपणे पाण्याखाली गेले.

वाचकहो, अशा अवशेषांपुढे मनाला दोन मोह पडतात. पहिला नवलाचा. अटलांटिसची कथा प्लेटोच्या संवादांत येते, तरी समुद्रात दगड दिसला की तिचे नाव घेतले जाते. आलेल्या बातमीची शहानिशा करण्याची सूरह हुजुरातची (४९:६) शिकवण अशा वेळी आठवावी.

दुसरा मोह अधिक घातक आहे, तो निवाड्याचा. ‘बुडाले, म्हणजे पापीच असतील!’ आद, समूद आणि मदयन यांच्या विनाशाचे कारण अल्लाहने स्वतः सांगितले आहे. थोनिसविषयी तसे काही सांगितलेले नाही. मग ते ठरविण्याचा अधिकार आपल्याला कोणी दिला? बुडून किंवा ढिगाऱ्याखाली मृत्यू पावलेल्या श्रद्धावंताला प्रेषित (स.) यांनी शहीदांत गणले आहे. हे ठाऊक असताना पुरात आप्त गमावलेल्याला ‘हा अजाब आहे’ असे कोणत्या तोंडाने सुनवावे?

मग पृथ्वीवर फिरून पूर्वजांचा शेवट पाहण्यास कुरआन का सांगतो? सूरह रूम (३०:९) स्मरण देते की, ते लोक आपल्याहून बलवान होते आणि त्यांनी अधिक उभारले होते. तरीही ते उरले नाहीत. बोध घेण्यास एवढे पुरेसे आहे. त्यासाठी प्रत्येक बुडालेल्याचा गुन्हा शोधावा लागत नाही. मदयनवासी मापात घट करीत. तो तराजू आज आपल्या दुकानात आहे, आणि त्याचा हिशेब आपल्यालाच द्यायचा आहे.

अल्लाह आपल्याला इतरांचा निवाडा करण्याआधी स्वतःचा हिशेब तपासण्याची सद्बुद्धी देवो. आमीन.