भट्टीचं रील कोणी काढत नाही

"मामा, मी राजीनामा देणार आहे."

जुन्या जालन्यात, गांधी चमनजवळच्या आमच्या घरी भाची बोलत होती. बी.एस्सी. ॲग्री झालेली, इथल्याच एका बियाणे कंपनीच्या प्रयोगशाळेत कामाला.

"दुसरीकडं मिळाली का?"

"नाही. पुण्याला जाते, कंटेंटचं काम करीन. माझ्या वयाच्या मुली काय काय करायल्यात, रोज मोबाईलवर बघते. आणि मी इथं कागदाच्या गुंडाळ्या उलगडत बसते."

तिच्या गुंडाळ्या मला ठाऊक आहेत. संकरित कपाशीच्या एका लॉटमधलं चारशे बी शंभर-शंभर करून ओल्या कागदात गुंडाळायचं आणि जर्मिनेटरमध्ये ठेवायचं. चौथ्या दिवशी पहिली मोजणी, बाराव्या दिवशी शेवटची. निरोगी रोप वेगळं, वाकडं वेगळं, कुजलेलं वेगळं. उगवण ७५ टक्क्यांच्या खाली आली, तर नियमानं तो लॉट विकता येत नाही.

"अगं, तुझी मोजणी चुकली तर कुणाचा तरी खरीप जाईल. हे काम लहान आहे का?"

"लहान नाही. पण असं आजवर मला सांगितलं कुणी? तुम्हीच पहिले."

बिनतोड होतं. तरी मी मुद्दा सोडला नाही. "पण ही इच्छा तुझी, की ट्रेंडची? २०२२ मध्ये 'क्वायट क्विटिंग'ची लाट आली. नेमून दिलंय तेवढंच करा, जीव ओतू नका. पुढच्याच वर्षी इन्फोसिसचे नारायण मूर्ती आठवड्याला ७० तास काम करा म्हणाले, आणि त्याच मोबाईलच्या पडद्यावर त्यावरून भांडणं जुंपली. यातलं तुझं कोणतं?"

"आणि डी.एड.ची लाट कोणत्या रीलमधून आली होती, मामा?"

२००० नंतर महाराष्ट्रात डी.एड.ची कॉलेजं भराभर निघाली. 'डी.एड. कर, मास्तर हो' हा घरोघरचा मंत्र होता. २०१० नंतर शिक्षकभरती वर्षानुवर्षं अडली आणि पदविका हातात घेऊन कितीतरी पोरं दुकानात, शेतात परतली. ती लाट पाहुण्यांच्या तोंडून आणि लग्नाच्या मांडवातून आली होती. काम निवडताना माणूस दुसऱ्याकडं बघतोच. निखळ स्वतःची अशी निवड मी तरी कुणाची पाहिली नाही. तेव्हा इच्छा कुणाची, हा प्रश्नच फारसा कामाचा नाही. विचारायचं ते हे, की त्या कामातलं आपल्याला काय दाखवलं गेलं आणि काय झाकलं गेलं.

"बरं, त्या पुण्याच्या कामातला कंटाळवाणा भाग कोणता?"

ती थांबली. "माहीत नाही."

"महिन्याला हातात किती पडतात? कंपनीनं पैसे थकवले तर मागायचे कुणाकडं?"

"तेही माहीत नाही. पण इथलं तरी कुठं माहीत आहे? एमआयडीसीत भंगार वितळवून सळई करतात. भट्टीवरच्या पोराला पगार किती, भाजलं तर बघतं कोण? कुंडलिका नदीच्या अलीकडं-पलीकडं हिंडत वाढले, पण हे कुणी बोललं नाही. बंगळुरूच्या ऑफिसात दुपारी काय खातात ते मात्र पाठ आहे."

"बद्रीनारायण बारवाल्यांनी १९६४ मध्ये याच गावात महिको ही बियाणे कंपनी काढली. १९९८ चा जागतिक अन्न पुरस्कार त्यांना मिळाला. हे तर सांगतोच ना आपण?"

"पुरस्कार सांगता. सुरुवातीची वर्षं कशी काढली, ते नाही सांगत. मग तेही रीलच झालं की! आणि खरं सांगू? पगाराच्या पावतीवर पीएफ बघायचा असतो, हे मला रीलनंच शिकवलं. जादा थांबलं तर त्याचे पैसे मागता येतात, हेही. घरात सगळे 'मुकाट्यानं काम कर' एवढंच म्हणायलेत."

यावर मला उत्तर सुचलं नाही, आणि शोधावंसंही वाटलं नाही. 'जालना सोने का पालना' असं आम्ही कौतुकानं म्हणतो. पोलाद आणि बियाणं या दोन धंद्यांवर हे गाव उभं आहे, पण या धंद्यांतला कामाचा दिवस कसा असतो, हे आमच्या पोरांना मोबाईलवरही दिसत नाही आणि घरातही ऐकू येत नाही. जवळचं काम मुकं राहिलं, म्हणून दूरच्या कामाचा आवाज एवढा मोठा झाला.

तिनं राजीनामा द्यावा की नाही, हे मी सांगणार नाही. पुण्यात हे काम करणाऱ्या दोघी-तिघींना गाठून तिनं तास आणि पैसे विचारावेत. हिशेब पटला तर खुशाल जावं. माझं मागणं जालन्यातल्या मोठ्यांकडं आहे. पोरांच्या हातातला मोबाईल काढून घेण्याआधी आपल्या कामाचा पगार, पाळी, रजा आणि धोका त्यांना खराखुरा सांगा. सळईच्या मिलवाल्यांनी आणि बियाणे कंपन्यांनी वर्षातून एक दिवस अकरावी-बारावीच्या मुलांना आत घ्यावं, भट्टी आणि प्रयोगशाळा दाखवावी. आणि जादा तासांचे पैसे वेळेवर द्यावेत.