नास्तिकाचा प्रश्न आणि दत्तभक्ताची कसोटी

॥ श्री गुरुदेव दत्त ॥

दत्तजयंतीच्या अंकात नास्तिकांचा विषय कशाला, असं काही वाचकांना वाटेल. पण आज हा विषय आपल्या घरातच येऊन बसला आहे. मुलगा म्हणतो, मी आरतीला उभा राहणार नाही. नात विचारते, आजोबा, देव आहे कशावरून? मग आजोबांचा आवाज चढतो, आजी डोळ्यांना पदर लावते आणि जेवणं मुकाट्यानं उरकतात. एवढ्यावरून बोलणं तुटलेली घरं आपल्या सर्वांच्या पाहण्यात आहेत. म्हणून आज थोडा विचार करू.

आधी शब्द पाहू. आपण 'देव न मानणारा तो नास्तिक' असं धरून चालतो. जुन्या शास्त्रकारांचा अर्थ वेगळा होता. वेदाचं प्रामाण्य न मानणारा तो नास्तिक, असा त्यांचा हिशेब. म्हणून ईश्वर मानणारा नसूनही सांख्य दर्शन आस्तिकांत मोजलं गेलं. सांख्यकारिकेत सगळी उभारणी प्रकृती आणि पुरुष या दोन तत्त्वांवर आहे. जग निर्माण करणारा ईश्वर तिथे लागत नाही. आणि त्याच सांख्यांचे आद्य आचार्य मानले गेलेले कपिल मुनी! सिद्धांमध्ये कपिल मी आहे, असं भगवंत गीतेच्या दहाव्या अध्यायात सांगतात. तेव्हा 'ईश्वर कशाला हवा' असं विचारणाऱ्याला आपल्या पूर्वजांनी घराबाहेर काढलं नव्हतं.

आता खराखुरा नास्तिक पाहा. वाल्मीकि रामायणाच्या अयोध्याकांडात जाबालीचा प्रसंग आहे. चित्रकूटावर तो रामाला सांगतो की परलोक वगैरे काही नाही, हाती आलेलं राज्य घे. श्राद्धात एकानं जेवलेलं दुसऱ्याला पोचत असेल, तर प्रवासाला निघालेल्याला शिदोरी कशाला बांधून द्यायची? त्याच्या नावानं घरीच कोणाला जेवू घालावं! प्रभू रामचंद्र संतापले, त्यांनी कडक उत्तर दिलं. पण जाबालीचा सवाल ग्रंथातून कोणी खोडला नाही. पारायणात आजही आपण तो वाचतो.

चार्वाकांचं म्हणणं असं : पृथ्वी, आप, तेज, वायू ही चारच तत्त्वं खरी. धान्य आंबवलं की त्यात नशा येते, तशी या चारांच्या मिश्रणातून जाणीव येते. देह गेला की सगळं संपलं. डोळ्यांना दिसेल तेच प्रमाण. त्यांचे मूळ ग्रंथ आज मिळत नाहीत. मग हे कळलं कुठून? बरंचसं त्यांच्या विरोधकांकडून! चौदाव्या शतकात माधवाचार्यांनी 'सर्वदर्शनसंग्रह' लिहिला, त्याचं पहिलंच प्रकरण चार्वाकाचं. स्वतः वेदान्ती असूनही त्यांनी आधी विरोधकाची बाजू मांडली. याला पूर्वपक्ष म्हणतात. समोरच्याचं म्हणणं नीट मांडल्याशिवाय आपलं उत्तर पुरं होत नाही, ही आपली रीत.

चार्वाक म्हटलं की आपल्याला फक्त कर्ज काढून तूप पिणं आठवतं. माझी नोकरी बँकेतली. कर्ज काढून तूप पिणारे मी पुष्कळ पाहिले, आणि त्यातले बरेचजण दरवर्षी न चुकता सत्यनारायण घालणारे होते. तेव्हा तो दोष नास्तिकांच्याच खात्यावर टाकणं बरोबर नाही.

उलट बाजूही पाहा. गोपाळ गणेश आगरकर देव मानत नव्हते. १८५६ साली कऱ्हाडजवळ टेंभूला गरीब घरात जन्म. एम. ए. झाल्यावर त्यांनी आईला कळवलं की मोठ्या पगाराची आशा धरू नकोस, पोटापुरतं मिळवून बाकी वेळ लोकांसाठी घालवणार. १८८८ मध्ये त्यांनी 'सुधारक' काढला. केशवपन, बालविवाह यांवर लिहिलं. पुण्यातल्या सनातन्यांनी ते जिवंत असताना त्यांची प्रेतयात्रा काढली. तरी त्यांनी लेखणी खाली ठेवली नाही. १८९५ मध्ये, चाळिशीच्या आत, दम्याच्या विकारानं ते गेले. आता विचार करा : स्वर्गाची आशा नाही, नरकाचं भय नाही, तरी हा माणूस सचोटीनं वागला. आपण पुण्य पदरात पडावं म्हणून दान करतो. त्याच्या पदरात काय पडणार होतं?

आणि प्रेतयात्रेवर गोष्ट थांबली नाही. २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात सकाळी फिरायला निघालेल्या डॉ. नरेंद्र दाभोलकरांना गोळ्या घालून मारलं. त्यांची सगळी मतं आपल्याला पटोत न पटोत; प्रश्नाला गोळीनं उत्तर देणं हा धर्म नव्हे, हे भक्तांनीच मोठ्यानं म्हणायला हवं. आपण गप्प बसलो तर लोक त्यालाच धर्म समजतील.

आपल्या गुरूंनी काय केलं ते गुरुचरित्रात आहे. कुमसी गावचे त्रिविक्रम भारती गाणगापूरच्या श्रीनृसिंह सरस्वतींना दांभिक म्हणत, पालखीचा थाट करणारा हा कसला संन्यासी, अशी निंदा करत. महाराजांनी त्यांना शाप दिला नाही. ते स्वतः उठून कुमसीला गेले, त्यांना भेटले. निंदकाचं समाधान करायला गुरू त्याच्या गावी गेले आणि आपण पोटच्या पोराच्या खोलीत जात नाही!

आणखी एक. भागवताच्या अकराव्या स्कंधात अवधूत यदुराजाला आपले चोवीस गुरू सांगतो. तो अवधूत म्हणजे आपले दत्तप्रभू, अशी आपली श्रद्धा. त्या चोवीसांत अजगर आहे, कोळी आहे, पिंगला वेश्या आहे. यांतल्या कोणाला त्यांनी आधी विचारलं होतं, तुझा देवावर विश्वास आहे का?

मग नास्तिकाकडून काय शिकायचं? बँकेत नोंद करणारा एक आणि तपासणारा दुसरा असतो. तपासणारा आला म्हणून खातं बुडत नाही. खोट्या नोंदी तेवढ्या उघड्या पडतात. नास्तिक आपल्या भक्तीचा तसा तपासनीस आहे. नवसाचा सौदा, बुवाबाजी, भीतीपोटी केलेली उपासना यांवर तो बोट ठेवतो. ते गेलं तर आपलं काय गेलं? नामस्मरणातली शांती आणि गुरूवरचं प्रेम त्याच्या प्रश्नानं जात नाही. मी दत्तप्रभूंना मानतो आणि मानत राहणार. डोळ्यांना दिसेल तेच खरं, हे मला पटत नाही. आईची माया कुठे डोळ्यांना दिसते? पण हे मी मुलाला सांगायचं ते त्याचं ऐकून घेतल्यावर.

यंदा मार्गशीर्ष पौर्णिमेला सायंकाळी जन्मसोहळा झाला की सुंठवड्याची एक पुडी घरच्या त्या न मानणाऱ्यासाठी न्या. नमस्कार कर, असा आग्रह धरू नका. तो काही विचारेल तर पुरतं ऐकून घ्या, आणि उत्तर येत नसेल तर येत नाही म्हणा. तेवढ्यानं दत्तमहाराज रागावणार नाहीत.

अवधूत चिंतन श्री गुरुदेव दत्त!