दिढीचं माप

आमच्या सिद्धगडाच्या पायथ्याला आषाढ म्हणजे कामाचाही महिना आणि उपासाचाही. उन्हाळ्यात राब भाजायचा, मिरगाला पेरायचं, रोपं आली की आवणीला कंबर वाकवायची. अंगमेहनत सगळ्यात जास्त याच दिवसांत, आणि कणगीचा तळ दिसतो तोही याच दिवसांत. पाऊस धो धो, पण भाताचं पीक वर्षाला एकच. वरकसावरची नाचणी-वरीही तोवर सरलेली. मग दुसऱ्याच्या दारी जायचं.

दारचा हिशेब दिढीचा. आषाढात एक मण भात न्यायचं, मार्गशीर्षात खळ्यावर दीड मण घालायचं. पाच महिन्यांत निम्मं व्याज. लहानपणी एका देणाऱ्याला आमच्या म्हाताऱ्यांशी बोलताना मी ऐकलंय, "आषाढातलं भात न् मार्गशीर्षातलं भात एकच हाय का रं? तवा मी दिलं नसतं, तर पोरांनी काय खाल्लं असतं?"

हा सवाल झटकून टाकण्यासारखा नाही. आषाढात भात महाग, सुगीत स्वस्त. पैशात मोजलं तर दीड मण आणि एक मण यांतलं अंतर बरंच कमी होतं. शिवाय वेळेला दिलं हेही खरंच. मग यात अन्याय कुठे?

मला वाटतं, तो पुढच्या आषाढात आहे. सुगीत भात स्वस्त होतं, कारण सगळे देणेकरी एकाच वेळी खळ्यावरून ते घालतात किंवा विकतात. आणि जो अर्धा मण जादा गेला, तोच पुढच्या पावसाळ्यातला घास होता. म्हणजे ज्या भुकेवर कर्ज दिलं, ती भूक कर्जानंच पुन्हा पिकवली. देणारा जीव वाचवतो हे खरं, पण वाचलेला जीव दरसाल त्याच्याच दारी यावा, अशी सोयही तोच करतो. उपकार आणि लूट एकाच पायलीनं मोजली जाते, म्हणून ती ओळखू येत नाही.

भाई कोतवालांना ती ओळखू आली होती. २ जानेवारी १९४३ ला सिद्धगडाच्या रानात ते आणि हिराजी पाटील गोळीला बळी पडले, हे आमच्याकडे पोरासोरांना ठाऊक असतं. पण आझाद दस्त्याच्या आधी या माथेरानच्या वकिलानं गरीब शेतकऱ्यांसाठी धान्यकोठी काढली होती, हे कमी सांगितलं जातं. कोठीतून नेलेलं भातही परत करायचंच असतं, वाढीव घालावं लागलं तरी ते गावाच्याच कणगीत पडतं आणि पुढच्या आषाढात गावालाच मिळतं. तेव्हा प्रश्न व्याज किती हा नाही, कणगी कोणाची हा आहे.

पुढं १९७६ साली आदिवासींच्या आर्थिक स्थितीसुधारणेचा कायदा आला, त्यांचा माल सरकारनं विकत घ्यायची व्यवस्था झाली, पावसाळ्यासाठी खावटी आली. आता अंत्योदयच्या कार्डावर महिन्याला ३५ किलो धान्य मिळतं, जानेवारी २०२३ पासून तेही फुकट. याला कुणी भीक म्हणतं, तेव्हा मला राग येतो. पोटात घास असलेला माणूस दिढीला "नको" म्हणू शकतो. ते "नको" म्हणता येणं हीच मोठी कमाई.

तरी हिशेब पुरता मिटलेला नाही. २०२४-२५ ला भाताचा हमीभाव क्विंटलला २३०० रुपये होता, पण ज्याचं घरखाण्यालाच पुरत नाही तो विकणार काय? आणि मीठ-मिरची, औषधपाणी, लग्नकार्य कार्डावर मिळत नाही. म्हणून कितीतरी कातकरी कुटुंबं पावसाळ्यातच वीटभट्टीची उचल घेतात आणि दिवाळी झाली की बिऱ्हाड पाठीला लावून निघतात. पूर्वी खळ्यावरचं भात गहाण पडायचं, आता हातच पडतात.

भट्टीवालाही तेच विचारतो, "अडीनडीला मीच दिलं ना?" दिलं, बाबा. पण नडलेल्याला देणं पुण्याचं की पापाचं, हे दिल्या दिवशी ठरत नाही. पुढच्या वर्षी त्याला पुन्हा यावं लागतं का, त्यावर ते ठरतं.